मफीबोशेथाचे गाढव

म्हैसूरचा अंबाविलास राजवाडा पाहावयास जाणाऱ्याला प्रथम पादत्राणे उतरवावी लागतात. जुना राजवाडा १८९७ साली आगीत भस्मसात झाला. त्यानंतर हेन्री अर्विन या वास्तुशिल्पज्ञाच्या आराखड्याप्रमाणे नवा राजवाडा उभा राहिला व १९१२ साली पूर्ण झाला. तो अनवाणी पायांनीच पाहावा असा तेथील दंडक आहे. लक्षाधीश असो वा शेतमजूर, त्या गुळगुळीत फरशीवर दोघांचीही पावले सारखीच उघडी पडतात. यात एक प्रकारची समता खचित आहे. मात्र ती पायांची समता आहे. चाकांची खुर्ची हेच ज्याचे पाय, त्याला या समतेत स्थान कोठे?

बंगळूर, म्हैसूर, उटी ही सहल मराठी कुटुंबांच्या कित्येक पिढ्यांनी केली आहे. त्या सहलीत ठिकठिकाणी उच्चारले जाणारे एक वाक्य आपल्या सर्वांच्या परिचयाचे असेल: ‘आजी, तुम्ही गाडीतच बसा, आम्ही पटकन पाहून येतो.’ ते बोलणाऱ्याच्या मनात दुष्टावा नसतो, उलट काळजीच असते. आजीही लगेच होकार देतात, कारण आपल्यामुळे कोणाचा खोळंबा होऊ नये एवढीच त्यांची इच्छा असते. असे कोणावरही अन्याय न करता, सर्वांच्या संमतीने, एक माणूस दाराबाहेर राहून जातो. नीतिशास्त्राच्या दृष्टीने हे वाक्य विचार करण्याजोगे आहे.

अलीकडे जगातील पुष्कळ ऐतिहासिक नगरांत या आजींसाठी एक व्यवसायच निर्माण झाला आहे. मोठी प्रवासी जहाजे बंदरास लागतात. त्यांतून उतरणाऱ्यांत वयोवृद्धांचा भरणा असतो आणि काही जण व्हीलचेअरवर असतात. खुर्चीसकट माणसाला आत घेणारे वाहन, त्या एकाच कुटुंबासाठी नेमलेला वाटाड्या आणि सायंकाळी जहाज सुटण्यापूर्वी परत पोहोचविण्याची हमी, असे या खासगी सहलीचे स्वरूप असते. म्हैसूर समुद्रापासून दूर आहे. मंगळूरच्या नव्या बंदरात जहाज लागले तरी घाट ओलांडून अडीचशे किलोमीटरांच्या आसपासचा प्रवास उरतो; एका दिवसाच्या पाहुण्याला तो झेपण्यासारखा नाही. पण बंगळूरहून सडकेने येणाऱ्या पाहुण्यापुढेही प्रश्न तोच असतो, आणि म्हैसूरसारख्या राजनगरीत तो अधिक उठून दिसतो. राजवाड्यातील वरच्या मजल्यावरच्या दरबार हॉलकडे जाणारी प्रेक्षकांची नेहमीची वाट जिन्याची आहे. सोमनाथपूरचे होयसळ मंदिर उंच जोत्यावर उभे आहे. चामुंडी टेकडीला हजारावर पायऱ्या आहेत.

असा चांगला वाटाड्या काय करतो, ते पाहण्यासारखे आहे. तो प्रथम मोजतो. दाराची रुंदी किती, उंबरा किती उंच, पायऱ्या किती, स्वच्छतागृहात खुर्ची वळते की नाही, हे तो आधी जाऊन पाहतो आणि पाहुण्याला जसेच्या तसे कळवतो. जेथे जाणे शक्य नाही तेथे ‘शक्य नाही’ असे सांगतो. आपल्याकडे याच्या नेमके उलट घडते. चौकशी केली की उत्तर येते, ‘काही काळजी करू नका, आमची मुले उचलून नेतील.’ या वाक्यातील आतिथ्य खरे असले तरी त्यात माहिती मुळीच नसते. शिवाय, उचलले जाणे पाहुण्याला मान्य आहे काय, हे कोणी विचारलेले नसते. चार अनोळखी हातांनी गर्दीत उचलले जाताना वयोवृद्ध स्त्रीच्या पदराचे काय होते, याचा विचार उचलणाऱ्याला सुचत नाही. तिला मात्र तो दिवसभर पुरतो. आपल्या मनाला गोड वाटणारे हे असत्य आपण दयेच्या नावाने खपवितो, असे माझे स्पष्ट मत आहे.

काही भाविक वाचक येथे हरकत घेतील. ज्या देशात २०११ च्या जनगणनेनुसार २ कोटी ६८ लाख अपंग बंधुभगिनी आहेत व त्यांतील पुष्कळांना शाळा आणि उपचारही मिळत नाहीत, तेथे राजवाडा पाहण्याचा प्रश्न म्हणजे श्रीमंतांचे चोचले नव्हेत काय? हरकत वजनदार आहे. भाकरी आधी, हे कोणीही मान्य करील. परंतु सुदृढ गरिबाला आपण असे कधी सांगत नाही. दसऱ्याला खेड्यापाड्यांतून येणारा शेतकरी पोराला खांद्यावर घेऊन राजवाड्याची रोषणाई पाहतो, तेव्हा ‘आधी कर्ज फेड’ असे त्याला कोणी सुनावत नाही. सौंदर्यावर त्याचा हक्क आपण न बोलता मान्य केलेला असतो. अपंग माणसाच्या बाबतीत मात्र आपण त्याच्या गरजांची यादी करावयास बसतो, त्या यादीत औषध असते, कुबडी असते, शिलाईयंत्र असते, आनंद नसतो. शिवाय हा प्रश्न केवळ परदेशी पाहुण्यांचा नाही. म्हैसूर शहरातच जेएसएस संस्थेचे अपंग विद्यार्थ्यांसाठीचे तंत्रनिकेतन आहे. कुबड्या आणि चाकांच्या खुर्च्या घेऊन शिकणारी तरुण मुले त्या नगरीची नागरिक आहेत. राजवाडा त्यांचाही आहे.

खासगी सहलीची आणखी एक बाजू ख्रिस्ती वाचकाने लक्षात घ्यावी. जो पैसे मोजतो त्याला आभार मानावे लागत नाहीत. तो म्हणू शकतो, ‘येथे थांबा, मला हे छत आणखी पाहावयाचे आहे.’ तो तक्रार करू शकतो. दानावर जगणाऱ्याला हे स्वातंत्र्य नसते. खुर्ची ढकलणाऱ्या स्वयंसेवकाला घाई असली की याचीही पाहणी संपते. सेवाभावाची थोर परंपरा असलेल्या आपल्या समाजाला हे ऐकावयास रुचणार नाही. पण ज्याला आयुष्यभर ‘थँक यू’ म्हणत राहावे लागते, त्याच्या मनाचा थकवा आपण कधी विचारात घेतला आहे काय?

या संदर्भात मला पवित्र शास्त्रातील मफीबोशेथाची कथा फार बोलकी वाटते. आपल्या प्रवचनांत तिचा पूर्वार्धच सांगितला जातो. शौल व योनाथान रणांगणावर पडल्याची वार्ता आली, तेव्हा दाई पाच वर्षांच्या मफीबोशेथाला घेऊन पळाली. तो तिच्या हातून पडला आणि दोन्ही पायांनी पंगू झाला. पुढे राजा झालेल्या दावीदाने योनाथानाच्या स्नेहास्तव त्याला लो-दबाराहून बोलावून आणले, आजोबांची जमीन परत दिली, ती कसण्यासाठी सीबा नावाचा सेवक, त्याचे पंधरा पुत्र आणि वीस चाकर नेमून दिले, आणि त्याला कायमचे आपल्या पंक्तीस बसविले. राजवाड्यात पंगू माणसाला मानाचे पान! प्रवचन येथे संपते.

कथा मात्र पुढे जाते. अबशालोमाने बंड केले आणि दावीदाला यरुशलेम सोडून पळावे लागले. वाटेत सीबा त्याला भेटला. त्याच्याजवळ खोगीर घातलेली दोन गाढवे होती. त्यांवर भाकरी, मनुका, फळे आणि द्राक्षारस लादलेला होता. धनी कोठे आहे असे राजाने विचारताच सीबाने सांगितले की, राज्य आपल्याकडे येईल या आशेने तो यरुशलेमेतच राहिला आहे. दावीदाने तत्काळ सारी मालमत्ता सीबाला देऊन टाकली. बंड मोडल्यावर राजा परतला तेव्हा मफीबोशेथ सामोरा आला. त्याने पायांची निगा राखली नव्हती, दाढी सावरली नव्हती, वस्त्रे धुतली नव्हती. त्याचे म्हणणे एवढेच होते की, मी पंगू असल्याने गाढवावर खोगीर घालून राजाबरोबर जाणार होतो, पण सेवकाने मला फसविले. दोघांपैकी खरे कोण बोलत होते याविषयी भाष्यकारांत मतभेद आहेत, आणि दावीदालाही निर्णय करता आला नाही. त्याने जमीन दोघांत वाटून टाकली.

कोणी खोटे बोलले असेल ते असो. माझे लक्ष त्या गाढवांकडे जाते. मफीबोशेथाजवळ राजाची मर्जी होती, जमीन होती, छत्तीस माणसांचे मनुष्यबळ होते. परंतु दाराबाहेर पडण्यासाठी त्याला एका माणसाच्या सद्‌भावनेवर विसंबावे लागत होते. तो सद्‌भाव ज्या दिवशी आटला, त्या दिवशी त्याची राजनिष्ठाही सिद्ध होईना. पंक्तीला पान मांडून दिले की आपले कर्तव्य संपले असे दावीदाला वाटले असावे. पानापर्यंत आणि पानापासून परत, ही वाट कोणाच्या हाती आहे, याची चौकशी त्याने केलेली दिसत नाही.

खासगी सहलीची मर्यादाही येथेच आहे. ती सीबाची प्रामाणिक आवृत्ती होय. वाहन येते तोवर वाट असते. वाहन गेले की वाटही जाते. जानेवारी २००१ मध्ये स्टीफन हॉकिंग भारतात आले. त्यांना दिल्लीतील ऐतिहासिक वास्तू पाहता याव्यात म्हणून लाकडी उतार तात्पुरते बसविण्यात आले. अपंगांच्या चळवळीतील कार्यकर्त्यांनी तेव्हा योग्य तोच प्रश्न केला, की जगप्रसिद्ध शास्त्रज्ञासाठी चार दिवसांत जे झाले ते दिल्लीच्या नागरिकांसाठी इतकी वर्षे का झाले नाही? वस्तुतः १९९५ सालीच अपंगांच्या हक्कांचा पहिला कायदा झाला होता. २०१६ च्या नव्या कायद्याने जुन्या सार्वजनिक इमारती सुगम करण्यास पाच वर्षांची मुदत दिली, ती सरली. ८ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राजीव रतुरी यांच्या प्रकरणात शासनाला बजावले की, सुगमतेचे नियम केवळ शिफारशीवजा असून चालणार नाहीत, ते बंधनकारक असले पाहिजेत. मध्यंतरी ‘अपंग’ हा शब्द जाऊन ‘दिव्यांग’ आला. शब्द बदलण्यास सिमेंट लागत नाही.

प्राचीन वास्तूंच्या पावित्र्यास धक्का लागेल, हा आक्षेप मी हलका मानीत नाही. सोमनाथपूरच्या कोरीव जोत्यास खिळा ठोकावा असे कोणीही म्हणणार नाही. आणि काही ठिकाणे काहींना अगम्यच राहतील, हे सत्यही स्वीकारले पाहिजे. पण चामुंडी टेकडीचे उदाहरण डोळ्यांपुढे आहे. पायऱ्या सतराव्या शतकातल्या. आज शिखरापर्यंत मोटाररस्ता आहे, आणि वाटेवरील भव्य नंदीपाशीही मोटारीने जाता येते. ज्याला नवस फेडावयाचा आहे तो आजही पायऱ्या चढतो. रस्ता झाल्याने टेकडीचे माहात्म्य उणावले असे कोणी म्हणत नाही, कारण तो रस्ता चालू शकणाऱ्यांच्याही सोयीचा ठरला. ज्या दगडी राजवाड्यावर सुमारे लाखभर विजेचे दिवे बसविता येतात, तेथे एक उतारच तेवढा परंपरेला बोचावा, हे नवल आहे.

याच प्रदेशातील श्रवणबेळगोळ येथे, तसेच आपल्या घारापुरी बेटावर, डोलीचा पर्याय आहे. मुंबईस जहाजाने येणारे विदेशी वृद्ध लाँचने घारापुरीस जातात आणि खुर्चीच्या डोलीत बसून लेण्यांपर्यंत चढतात. डोलीवाल्याचे पोट त्यावर चालते, म्हणून डोली वाईट असे म्हणवत नाही. पण एकाला वर नेण्यासाठी दुसऱ्यांचे खांदे झिजावेत, ही व्यवस्था अखेरची मानून स्वस्थ बसणेही बरे नव्हे.

आता आपल्या घराकडे वळू. म्हैसूरच्या संत फिलोमिना महामंदिराची कोनशिला १९३३ साली महाराज कृष्णराज वाडियार चौथे यांनी बसविली. एका हिंदू राजाने उदार मनाने सिद्ध केलेल्या या मंदिराचे जुळे मनोरे १७५ फूट उंच आहेत आणि संतेचे अवशेष खाली तळघरात आहेत. तेथे अरुंद पायऱ्यांनी उतरावे लागते. त्या काळच्या बांधणाऱ्यांना दोष देण्यात अर्थ नाही. फ्रान्समधील लूर्द येथे मात्र आजाऱ्यांच्या गाड्यांना मिरवणुकीत मानाची जागा असते आणि सुदृढ लोक मागाहून चालतात. तेथे आजारी मनुष्य हाच मुख्य यात्रेकरू, म्हणून वाटा त्याच्या मापाने आखल्या गेल्या. लूर्द हे आपण तीर्थ मानतो; आराखडा मात्र मानीत नाही.

लेवीय पुस्तकात एक नियम आहे. अहरोनाच्या वंशातील याजक लंगडा असेल तर त्याने पवित्र अन्न खावे, पण वेदीजवळ जाऊ नये. येशूने मंदिरात आंधळ्यापांगळ्यांना जवळ येऊ दिले आणि बरे केले, म्हणून हा नियम आपल्यापुरता संपला असे आपण शिकवितो. परंतु बहुतेक उपासनामंदिरांत काय दिसते? पाळकसाहेब अथवा फादर प्रभुभोजन घेऊन खाली खुर्चीपर्यंत येतात. हे प्रेमाचेच कृत्य आहे. त्याच खुर्चीतील मनुष्याला पाठ वाचावयाचा असेल, तर वाचनाचा चौरंग तीन पायऱ्या वर असतो. म्हणजे खाण्यास मुभा, सेवेस नाही. लेवीयाचा नियम जसाच्या तसा.

त्या तीन पायऱ्यांचा हिशेब अवघड नाही. सहा इंचांची एक, म्हणजे एकूण दीड फूट उंची. एकास बारा या मान्य प्रमाणाने त्यास अठरा फुटांचा उतार लागतो. जेथे अठरा फूट जागा नाही, तेथे वाचनाचा चौरंगच खाली आणता येतो, आणि त्यास काहीच खर्च नाही. पंचमंडळाच्या पुढील बैठकीत वेदीच्या नव्या संगमरवराचा विषय निघेल, तेव्हा हे माप कोणीतरी टेबलावर ठेवावे. आणि शक्य असल्यास ते ठेवणारा मनुष्य त्या बैठकीच्या खोलीत कोणीही न उचलता आलेला असावा.