अस्सल चव आणि आपला अहंकार

आजचं चिंतन गीतेच्या तिसऱ्या अध्यायातल्या तेराव्या श्लोकावर. भाव असा: अर्पण करून उरलेलं जे खातात ते पापातून सुटतात, आणि जे केवळ स्वतःसाठी शिजवतात ते पापच खातात. वाचताना जरा कठोर वाटतं ना? दमून घरी आल्यावर एकट्यापुरती खिचडी टाकणारा लगेच पापी कसा?

उत्तरासाठी थोडं लांब, इंडोनेशियात जाऊ या. बालीतल्या हिंदू घरांत स्वयंपाक झाला की कोणी जेवायच्या आधी केळीच्या पानाच्या छोट्या तुकड्यांवर चिमूट चिमूट भात ठेवतात. एक तुकडा चुलीपाशी, एक पाण्यापाशी, एक देवघरात. याला ते ‘सैबान’ म्हणतात. दुसरं नाव ‘यज्ञशेष’, अगदी आपलाच शब्द! भात तोच, कष्ट तेच. फक्त पहिला घास आपला नाही, एवढं रोज आठवायचं.

आता एक मोठी सुगरण पाहा. स्री ओवेन यांचा जन्म १९३५ साली पश्चिम सुमात्रात झाला. त्यांच्या नावातलं ‘स्री’ म्हणजे आपलं ‘श्री’. पुढे त्या लंडनला गेल्या आणि १९७६ मध्ये इंडोनेशियन घरगुती स्वयंपाकावर त्यांचं पहिलं इंग्रजी पुस्तक आलं. परक्या शहरात आपली चव जपायची म्हणजे रोजची परीक्षा. वाटणात घालायची केमिरी, म्हणजे जंगली अक्रोड, मिळाली नाही तर? मॅकॅडेमिया चालतो. मग तडजोड कुठे करायची नाही?

त्यांच्याच मुलखातला रेंदांग घ्या. पदार्थ मांसाचा आहे, आपल्यातले अनेक जण तो खाणार नाहीत, पण कृती बघण्यासारखी आहे. नारळाच्या दुधात मसाला घालून मंद आचेवर तासन्‌तास शिजवायचं. आधी पातळ रस्सा असतो, त्याला गुलाई म्हणतात. तो दाटला की कालिओ. दूध आटून तेल सुटतं, त्या तेलात सगळं परतत काळपट तपकिरी होतं, तेव्हा कुठे रेंदांग. घाई केली तर कालिओवरच थांबाल. कालिओही चविष्टच लागतो, पण त्याला रेंदांग म्हणणं खोटं.

आणि गंमत म्हणजे त्यातली मिरची मुळात अमेरिका खंडातली! सोळाव्या शतकापासून ती व्यापाऱ्यांबरोबर आशियात पसरली. म्हणजे ‘अस्सल’ कधीच गोठलेलं नव्हतं. साहित्य बदललं, आचेपाशी थांबणं टिकलं.

“मग काहीही बदललेलं चालतं का?” नाही. सोय म्हणून सोडणं वेगळं आणि नाइलाज झाला तरी गाभा सांभाळणं वेगळं. पण दुसरा धोका जास्त लपलेला असतो. “माझंच खरं, बाकी सगळे नकली” असं ज्याला वाटू लागतं, त्याचा हात कृतीत अचूक असेल, पण तो आता पाहुण्यासाठी शिजवत नाही. तो स्वतःच्या मोठेपणासाठी शिजवतो. श्लोकातलं ‘स्वतःसाठी शिजवणं’ मला इथे दिसतं. एकट्याची खिचडी त्यात येत नाही. चार घास कमी असोत, मन वाटून खाणारं असलं की पुरे.

आपल्या साधनेचंही तसंच आहे. लोकलमध्ये उभ्यानं केलेला जप म्हणजे मॅकॅडेमिया घातलेलं वाटण. जागा बदलली, आच तीच आहे. पण पाच मिनिटांत उरकून वर “रोज करतो बरं का” म्हणणं म्हणजे कालिओला रेंदांग म्हणणं. आणि पहाटे चारला उठून न उठणाऱ्यांना कमी लेखणं हे तर त्याहून वाईट. तिथे नियम शाबूत असतो आणि पहिला घास मात्र अहंकाराच्या पानात पडतो.

आज दिवसभरात एकदा स्वतःला विचारा: मी जो नियम इतक्या निष्ठेनं पाळतोय, त्याचा पहिला घास कोणाला जातोय?