नकळत घडलेले पाप आणि एक भेक



पावसाळा सुरू झाला की बंगळूरमधील आमच्या आवारातील दिव्याखाली रात्री एक भेक येऊन बसतो. चामखिळांनी भरलेल्या अंगाचा हा बेडूक दिव्यावर झेपावून खाली पडणारे किडे निमूटपणे टिपीत असतो. त्याच्या डोळ्यांमागील ग्रंथींत विष असते, म्हणून शेजारचे गृहस्थ त्याला काठीने हुसकावतात. मी त्यांना सांगतो, की तो येथलाच रहिवासी आहे. नानेटीसारखे साप त्याला गिळूनही सुखरूप राहतात, कारण भक्ष्य आणि भक्षक येथे पिढ्यान्‌पिढ्या एकत्र वाढले आहेत.

परंतु याच भेकाचे आग्नेय आशियातील भाऊबंद समुद्र ओलांडून मादागास्कर बेटावर पोहोचले. २०१४ साली तोआमासिना बंदराच्या परिसरात ते आढळले. बहुधा जहाजांवरील मालातून ते तेथे उतरले असावेत. त्या बेटावर पूर्वी भेक नव्हतेच. त्यामुळे तेथील बहुतेक भक्षक प्राण्यांच्या शरीरात हे विष सोसण्याची शक्ती नाही, असे २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसून आले. येथे जो शेतकऱ्याचा मित्र, तो तेथे मृत्यूचा दूत. भेक मात्र तोच आहे. त्याने आपला स्वभाव बदललेला नाही.

मग दोष कोणाचा?

ऑस्ट्रेलियातील प्रकरण याहून जुने व अधिक बोलके आहे. १९३५ साली क्वीन्सलंडमधील उसावरील भुंगेरे नष्ट करण्यासाठी हवाई बेटांवरून सुमारे शंभर अमेरिकन भेक मुद्दाम आणण्यात आले. हेतू वाईट नव्हता; शेतकऱ्यांचे पीक वाचवायचे होते. पण भुंगेरे उसाच्या शेंड्यावर आणि भेक जमिनीवर! भुंगेरे राहिले, भेक वाढले, आणि त्यांना खाणारे प्राणी मरू लागले. घोरपडी मेल्या. मांजराहून लहान असा उत्तरेकडील क्वोल अनेक ठिकाणांहून जवळजवळ नाहीसा झाला. वॉल्टर फ्रॉगॅट या वृद्ध कीटकशास्त्रज्ञाने वेळीच धोक्याची सूचना दिली होती. काही काळ भेक सोडणे थांबलेही. परंतु १९३६ साली ती बंदी उठविण्यात आली.

येथे मला लेवीय पुस्तकाचा चौथा अध्याय आठवतो. भाषांतराच्या मेजावर त्यातील एका इब्री शब्दाने आम्हांला पुष्कळ थांबविले आहे. तो शब्द ‘शेगागा’. त्याला ‘नकळत’ म्हणावे, की ‘चुकून’, की ‘अजाणता’? ‘नकळत’ म्हटले की मराठी वाचक त्या माणसाला तेथेच सोडून देतो. ‘बिचाऱ्याला ठाऊक नव्हते’ म्हणतो. पण या शब्दाच्या कुळात भरकटण्याचा अर्थ आहे. कळपातील मेंढरे वाट चुकतात, तसा. भरकटलेले मेंढरू दुष्ट नसते, तरी ते वाटेवरही नसते. म्हणूनच त्या अध्यायात अजाणता घडलेल्या कृत्यासाठीही पापार्पण सांगितले आहे. सबंध मंडळीकडून असे पाप घडले तर ते ध्यानात आल्यावर वडील जनांनी गोऱ्ह्याच्या डोक्यावर हात ठेवावा, असा विधी आहे. गोऱ्हा निर्दोष असतो, हे तेथे प्रत्येकाला ठाऊक असते.

पहिले भेक सोडणाऱ्यांचे पाप या अध्यायात बसते, असे मला वाटते. बंदी उठविणाऱ्यांचे बसते काय, याविषयी मी साशंक आहे. सूचना कानांवर आल्यानंतर ‘नकळत’ हा शब्द फार पातळ होतो.

आता भेकांना मारावे काय? कोणी म्हणेल, तेही देवाचीच निर्मिती. खरे आहे, परंतु क्वोलही देवाचाच, आणि त्याला राखण्याचे काम आपणांवर सोपविलेले आहे. दुसरा उपाय नसेल तेथे मारावे लागते, असे मी जड मनाने म्हणतो. मात्र ऑस्ट्रेलियात गोल्फच्या काठ्यांनी व क्रिकेटच्या बॅटींनी भेक टोलवण्याचा जो खेळ काहींनी केला, तो मला त्या मूळ चुकीपेक्षाही वाईट वाटतो. गोऱ्ह्याच्या डोक्यावर हात ठेवणारा मनुष्य हसत नव्हता.

हा प्रश्न दूरचा समजू नका. १८४७ साली विल्यम बेन्सन या शंखशास्त्रज्ञाने मॉरिशसहून कलकत्त्यास आणलेली आफ्रिकन गोगलगाय आज बंगळूरच्या बागांतही आहे. पाऊस पडला की ती आमच्या कुंपणाच्या भिंतीवर चढते आणि पपईची रोपे फस्त करते. रविवारच्या शाळेतील मुले मिठाची पुडी घेऊन येतात. मीठ टाकले की ती फेसाळत, आक्रसत, फार वेळाने मरते, आणि मुले टाळ्या पिटतात. गेल्या पावसाळ्यात मी त्यांच्या हातून पुडी काढून घेतली. हातमोजे घालून गोगलगायी गोळा करावयाच्या आणि दगडाने एका घावात संपवावयाच्या, असे त्यांना शिकविले. एका मुलीने विचारले, “पण काका, हिने काय केलंय?”

“काही नाही,” मी म्हणालो, आणि दगड उचलला.