चव घेणारा आणि पाणी काढणारा

घायपात आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेली असते. दख्खनच्या पठारावर शेतांच्या बांधांवर आणि लोहमार्गाच्या कडेने, जाड, काटेरी, राखी-हिरव्या पानांची ती वनस्पती कुंपण म्हणून लावली जाते. काही भागांत तिला केकताड म्हणतात व तिच्या वाखाचे दोर वळतात. ती मूळची आपली नव्हे. तिचे माहेर मेक्सिको. तेथे तिच्या कुळातील अनेक जाती आहेत. अगावे या नावाने त्या ओळखल्या जातात, आणि त्यांच्यापासून मेस्कल नावाचे मद्य गाळले जाते. आपल्या कानांवर असलेली टकिला हीदेखील त्याच घराण्यातील. तिच्यासाठी अगावेच्या जातींपैकी केवळ निळी अगावे चालते.

मेक्सिकोच्या दक्षिणेकडील वाहाका राज्यात आता जगभरचे प्रवासी हे मेस्कल चाखण्यासाठी जातात. एक मार्गदर्शक त्यांना शहरातल्या एखाद्या लहान दालनात बसवतो, किंवा सांतियागो मातात्लानसारख्या गावी, जेथे मद्य गाळतात त्या पालेंकेवर, नेतो. भोपळ्यासारख्या फळाच्या वाळलेल्या करवंटीतून प्रत्येकाला घोटभर मेस्कल दिले जाते. सोबत संत्र्याची फोड आणि सुरवंट व मिरची कुटून केलेले मीठ. ओठ टेकवावे, गिळण्याची घाई करू नये, असे सांगतात. मार्गदर्शक वनस्पतीची जात सांगतो, गाव सांगतो, पुष्कळदा गाळणाऱ्याचे नावही सांगतो. पाच-सहा प्रकार चाखून मंडळी उठतात.

वाचकहो, यात नैतिक प्रश्न तो कोणता, असे आपण विचाराल. मद्य घ्यावे की न घ्यावे, हा तर आहेच. आपल्या मंडळ्यांत तो फार जुना आहे, आणि ज्या घरात बापाच्या दारूने मुलांच्या शाळा सुटल्या त्या घराला तो तात्त्विक वाटत नाही. १९९३ साली गडचिरोली जिल्ह्यात दारूबंदी आली ती लोकांच्या दीर्घ चळवळीने, आणि त्या चळवळीतील स्त्रियांना कोणाचेही तत्त्वज्ञान उसने घ्यावे लागले नाही. रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या चौदाव्या अध्यायात पौलाने या बाबतीत जी कसोटी दिली आहे, म्हणजे माझ्या पेल्याने माझा बंधू अडखळतो काय, ती मला पुरेशी वाटते. तिच्यावर येथे अधिक लिहीत नाही. मला विचारायचे आहे ते निराळे: दुसऱ्याच्या आयुष्याच्या श्रमाची केवळ चव घेऊन पुढे जाणे ही निर्दोष गोष्ट आहे काय?

भाषांतराच्या कामात एक इब्री शब्द मला वारंवार अडवतो. तो शब्द ‘ताअम’. त्याचा पहिला अर्थ चव. पण अबीगईलने दावीदाचा हात रक्तपातापासून आवरला तेव्हा दावीद तिच्या ज्या गुणाची वाखाणणी करतो, तोही ‘ताअम’च, तेथे मराठीत सुज्ञपणा, विवेक असा काही शब्द घ्यावा लागतो. योनाच्या पुस्तकात निनवेच्या राजाचा हुकूम निघतो, तोही ‘ताअम’. आणि नीतिसूत्रांच्या शेवटच्या अध्यायातील सद्‌गुणी स्त्री आपल्या व्यापारात लाभ आहे हे ओळखते. तेथील क्रियापदाचा मूळ अर्थ ‘चाखते’ असाच आहे. एका मराठी शब्दात हे सारे मावत नाही. तथापि आपल्याही भाषेला ही वाट अगदीच अनोळखी नाही. रुचीपासून अभिरुची निघते आणि अभिरुची हा निवाड्याचा शब्द आहे. इब्री माणसाच्या लेखी जिभेवर पदार्थ ठेवणे हाच न्यायनिवाड्याचा आरंभ होता.

आता गालीलातील कानागावी चला. पाण्याचा द्राक्षारस झाला, भोजनकारभाऱ्याने तो चाखला आणि वराला बोलावून त्याची स्तुती केली. मात्र तो आला कोठून हे त्याला माहीत नव्हते. योहान लगेच जोडतो की ज्या चाकरांनी पाणी काढले होते त्यांना ते माहीत होते. हे वाक्य सुवार्तिकाने सहज लिहिले असेल असे मला वाटत नाही. त्या घरात चवीचा सर्वांत जाणता मनुष्य अज्ञानात होता, आणि ज्यांनी रांजण काठोकाठ भरले त्या चाकरांना मूळ ठाऊक होते.

वाहाकातील पाणी काढणाऱ्यांना काय ठाऊक असते? एस्पादीन या लागवडीच्या जातीला पक्व होण्यास सहा ते आठ वर्षे लागतात. डोंगरात वाढणाऱ्या तोबालाला दहा-पंधरा. तेपेस्ताते या जातीला तर पंचवीस वर्षांपर्यंत थांबावे लागते. म्हणजे बापाने राखलेले रोप मुलाने कापावे. अगावे आयुष्यात एकदाच फुलते आणि फुलून मरते. फुलाचा दांडा वर येऊ लागला की तो छाटतात, कारण दांडा वाढला तर बुंध्यातील गोडवा त्यात जाईल. मग पाने सोलून उरलेला गाभा तापलेल्या दगडांच्या खड्ड्यात मातीखाली काही दिवस भाजतात, घोड्याने ओढलेल्या दगडी चाकाखाली चिरडतात, लाकडी पिंपांत आंबवतात आणि दोनदा गाळतात. सांता कातारिना मीनास या गावी अजून मातीच्या भांड्यांतून. गाळलेल्या मद्यावर उठणारे बुडबुडे पाहून जुना जाणकार त्याचा कस सांगतो. एका लिटरमागे कित्येक लिटर आम्लयुक्त सांडपाणी उरते, आणि ते ओढ्यात सोडले तर ओढा मरतो. भट्टीला लाकूड लागते ते वेगळेच.

ही किंमत पूर्वीही होती. पण पूर्वी एखादे कुटुंब लग्नाला, सणाला, मयताला लागेल तेवढेच गाळी. प्रमाणित मेस्कलचे उत्पादन २०११ साली सुमारे दहा लाख लिटर होते. २०२२ साली ते एक कोटी चाळीस लाखांवर गेले. जी वनस्पती पंचवीस वर्षे मागते तिला बाजार पंचवीस वर्षे देत नाही. डोंगरातील रोपे विरळ होतात आणि जंगल तोडून एस्पादीनच्या एकसारख्या रांगा उभ्या राहतात.

आणखी एक गोष्ट भाषेचा मनुष्य म्हणून मला बोचते. मेस्कल हा शब्द नाहुआत्ल भाषेतला. भाजलेली अगावे हा त्याचा अर्थ. १९९४ साली या नावाला कायद्याचे संरक्षण मिळाले आणि ठरलेल्या प्रदेशाबाहेरच्यांना, तसेच प्रदेशातील पण प्रमाणपत्र नसलेल्यांना, हे नाव बाटलीवर लिहिता येईनासे झाले. आजोबा ज्याला मेस्कल म्हणत, त्याला नातवाने ‘अगावेचे गाळीव मद्य’ म्हणावे! संरक्षणाचा हेतू वाईट होता असे मी म्हणत नाही. मात्र शब्द कोणाच्या तोंडून काढून कोणाच्या तोंडी घातला जातो, हे पाहिलेच पाहिजे.

तर मग प्रवाशाने जाऊच नये काय? एवढे सोपे उत्तर मी देणार नाही. वाहाका हे मेक्सिकोतील गरीब राज्यांपैकी एक. तेथील गावांतून तरुण पिढ्यान्‌पिढ्या उत्तरेला अमेरिकेत मजुरीला गेले आहेत. पालेंकेवर आलेला पाहुणा गाळणाऱ्याच्या हातात पैसे देतो तेव्हा एखादा मुलगा घरी राहू शकतो. चांगला मार्गदर्शक गाव, जात आणि गाळणाऱ्याचे नाव सांगतो तेव्हा तो भोजनकारभाऱ्याला चाकरांकडे नेत असतो. दुकानातील झगमगत्या बाटलीपेक्षा हे निश्चितच अधिक सत्य आहे. परंतु यजमानाचे अंगण कधी प्रदर्शन होऊन बसते, हे पाहुण्याला कळत नाही. ज्याच्याकडे आपण वीस मिनिटे पाहिले आणि ज्याला एकही प्रश्न विचारला नाही, त्याचे आपण पाहुणे होतो की गिऱ्हाईक?

त्या गावांत आणखी एक मनुष्य राहतो. प्रवाशांच्या बैठकीत तो दिसत नाही. तो आपला ख्रिस्ती बंधू, झापोटेक बोलणारा इव्हँजेलिकल. त्याने पेला सोडला आहे. तेथील गावकीत सणाचा पेला नाकारणे ही खाजगी आवड नसते. ते जणू गावाशी नाते तोडणे ठरते. शेजारच्या चियापास राज्यातील सान हुआन चामुला येथून १९७० च्या दशकापासून हजारो लोक धर्मांतराच्या कारणावरून हाकलले गेले. तेथील पेय उसाचे होते, अगावेचे नव्हे, आणि सत्ता व मद्यविक्रीचा मक्ता ही कारणेही त्यामागे होती. पण पेल्याचे स्थान तेच. एकाने घरदार देऊन जो पेला खाली ठेवला, तोच दुसरा प्रवासाची आठवण म्हणून उचलतो. हा प्रवासी ख्रिस्ती असेल तर त्याने एवढे तरी जाणावे.

पौल करिंथकरांस सांगतो की कोणी जेवायला बोलावले तर समोर येईल ते खा, चौकशी करीत बसू नका. आणि लगेच म्हणतो की कोणी हा नैवेद्य आहे असे सांगितले तर त्या सांगणाऱ्यासाठी थांबा. काहींना वाटते की यामुळे चौकशीची जबाबदारीच संपली. मला तसे वाटत नाही. तेथे न विचारणे हा यजमानाचा मान होता. पालेंकेवर विचारणे हा त्याचा मान आहे: रोप किती वर्षांचे, पाणी कोठून येते, या बाटलीतले तुम्हांला काय मिळते? आणि कोणी सांगू लागला तर, पौलाच्या शब्दाप्रमाणे, त्याच्यासाठी थांबायची तयारी हवी.

दावीदाला बेथलेहेमच्या वेशीजवळील विहिरीचे पाणी प्यावेसे वाटले. तिघे वीर पलिष्ट्यांची छावणी भेदून ते घेऊन आले. त्याने ते प्यायले नाही. जिवावर उदार झालेल्यांचे ते जणू रक्तच, असे म्हणून परमेश्वरापुढे ओतले. लहानपणी मला हे त्या वीरांवर अन्यायासारखे वाटे. आज वाटते की त्या पाण्याची खरी चव घेतली ती न पिणाऱ्या दावीदानेच. वाहाकातही पिण्याआधी काही थेंब जमिनीवर सांडण्याची रीत आहे, धरणीमातेसाठी. तिच्यामागची श्रद्धा आपली नव्हे. पण पहिला थेंब आपला नाही, हे त्या हाताला कळते.

राष्ट्रीय स्वायत्त विद्यापीठातील जीवशास्त्रज्ञ रोद्रिगो मेदेयिन यांनी अगावेच्या शेतकऱ्यांपुढे एक सूचना ठेवली: शंभरातील पाच रोपांचे दांडे छाटू नयेत, ती फुलू द्यावीत. अगावेचे परागीभवन वटवाघुळे करतात, आणि सारेच दांडे छाटले की त्यांना मध उरत नाही. काही उत्पादकांनी हे मान्य केले आहे. लेवीयाच्या एकोणिसाव्या अध्यायात शेताचे कोपरे कापू नयेत अशी आज्ञा आहे, ती गरीब आणि परके यांच्यासाठी. या शेतांत उंच दांड्यांवर फुले उमलतात, रात्री वटवाघुळे येतात, आणि त्या रोपांचा गोडवा कोणत्याच बाटलीत उतरत नाही.