मुलांचा राग आणि आपला सब्र

अल्लाहने माणसाला बुद्धी दिली, तशाच भावनाही दिल्या. राग, भीती, चिंता आणि दुःख यांपासून कोणताही मनुष्य पूर्णपणे अलिप्त नाही. असे असूनही आपल्या घरात मूल रागावले की आपण त्याला उद्धट ठरवतो आणि ते चिंतेत दिसले की त्याचे ईमान कमकुवत आहे असा निष्कर्ष काढतो. “नमाजकडे लक्ष नाही, म्हणून टेन्शन येते,” हे वाक्य अनेक घरांत सहज उच्चारले जाते. हा निष्कर्ष इस्लामी शिकवणुकीला धरून आहे काय, याचा विचार प्रत्येक माता-पित्याने करणे आवश्यक आहे.

हा प्रश्न किती जवळचा आहे, हे समजण्यासाठी नवी मुंबईतील घणसोली गावाकडे पाहावे. खाडीकाठची भातशेती, मिठागरे आणि मासेमारी यांवर जगणाऱ्या आगरी-कोळी समाजाचे हे जुने गाव. 1970 मध्ये सिडकोची स्थापना झाली, आसपासच्या जमिनी संपादित झाल्या आणि गावठाणाभोवती नवे शहर उभे राहिले. आज पूर्वेला ठाणे-बेलापूर औद्योगिक पट्टा, पश्चिमेला खाडी आणि मध्ये अरुंद गल्ल्यांतून एकमेकींना चिकटून उभ्या असलेल्या इमारती. येथील भाड्याच्या खोल्यांत रोजगारासाठी दूरदूरहून आलेली कुटुंबे राहतात. अशा एकाच खोलीत स्वयंपाक, धाकट्यांचा खेळ, रात्रपाळीहून परतलेल्या अब्बांची झोप आणि मोठ्या मुलाचा दहावीचा अभ्यास, हे सर्व चालते. रागावून बाजूला जायला दुसरी खोली नसते. मग मुलाचा राग जिन्यात, गल्लीत नाहीतर मोबाइलमध्ये आसरा शोधतो आणि त्याच्या मनात काय चालले आहे हे घरात कोणालाच कळत नाही.

या न कळण्याची किंमत मोठी आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या 2022 च्या अहवालानुसार त्या एका वर्षात देशात 13 हजारांहून अधिक विद्यार्थ्यांनी आत्महत्या केल्या, आणि राज्यांमध्ये महाराष्ट्राचा आकडा सर्वांत मोठा होता. म्हणून मुलांचे मन हा विषय आपल्यासाठी गौण असू शकत नाही.

भावना आणि कृती यांतील फरक

सूरह आले इमरानमध्ये अल्लाहने आपल्या प्रिय दासांची लक्षणे सांगताना, जे राग गिळतात आणि लोकांना क्षमा करतात त्यांची प्रशंसा केली आहे. ज्यांना राग येतच नाही, असे तेथे म्हटलेले नाही. जो राग आलाच नाही, तो गिळणार कसा? आदरणीय प्रेषित मुहम्मद (स.) यांनीही कुस्तीत दुसऱ्याला चीत करणाऱ्याला नव्हे, तर रागाच्या क्षणी स्वतःवर ताबा ठेवणाऱ्याला खरा बलवान म्हटले. इमाम गझाली यांनी रागाला शिकारी कुत्र्याची उपमा दिली आहे. त्याला मारून टाकायचे नसते, शिकवायचे असते.

चिंता आणि दुःख यांचेही तसेच आहे. माननीय याकूब (अ.) यांचे डोळे पुत्रवियोगाच्या दुःखाने पांढरे झाले, असे कुरआन सांगतो, त्यांनी आपली व्यथा अल्लाहपुढे मांडली. माननीय मूसा (अ.) यांच्या मातेने तान्ह्या बाळाला नदीत सोडले, तेव्हा तिचे हृदय व्याकूळ झाले. कुरआनने त्या मातेला दोष दिला नाही. अल्लाहने तिचे हृदय सावरले, असे सांगितले. एका प्रेषिताच्या मातेला जी व्याकुळता क्षम्य आहे, ती परीक्षेला घाबरलेल्या पंधरा वर्षांच्या मुलीला क्षम्य नाही काय?

जाब कृतीचा द्यावा लागतो. शिवी देणे, हात उचलणे, वस्तू फोडणे या कृती आहेत आणि तेथे मुलाला थांबवलेच पाहिजे. परंतु मनात उठलेल्या भावनेसाठी त्याला अपराधी ठरवले, तर ते भावना सोडत नाही, लपवायला शिकते.

दहा वर्षे प्रेषितांच्या घरी

या संदर्भात माननीय अनस बिन मालिक (रजि.) यांचे बालपण आपल्यासाठी मोठा आदर्श आहे. सुमारे दहाव्या वर्षी ते प्रेषितांच्या सेवेत आले आणि दहा वर्षे राहिले. म्हणजे ज्या वयाची आपण तक्रार करतो, तेच वय त्यांनी प्रेषितांच्या सहवासात काढले. ते सांगतात की, या दहा वर्षांत प्रेषित (स.) त्यांना कधी ‘उफ’ म्हणाले नाहीत; हे का केलेस, ते का केले नाहीस, असेही विचारले नाही.

एकदा प्रेषितांनी त्यांना कामासाठी पाठवले. अनस (रजि.) यांनी तोंडाने “जाणार नाही” असे म्हटले, मनात मात्र जायचे होते. बाहेर बाजारात मुले खेळत होती, तेथे ते रेंगाळले. इतक्यात प्रेषितांनी मागून येऊन त्यांची मान धरली. त्यांनी वळून पाहिले, तर प्रेषित (स.) हसत होते. त्यांनी लाडाने ‘उनैस’ अशी हाक मारून कामाची आठवण दिली आणि मूल कामाला निघाले. काम रद्द झाले नाही, मुलाची मानही खाली गेली नाही.

याच अनस (रजि.) यांनी आणखी एक गोष्ट नोंदवली आहे. चिंता आणि दुःख यांपासून अल्लाहचा आश्रय मागणारी दुआ प्रेषित (स.) वारंवार करीत आणि ती सेवेतील या मुलाच्या कानी पडत असे. येथे थांबून विचार करावा. ज्येष्ठाने आपली चिंता मुलापासून लपवली नाही, तिचा भारही मुलावर टाकला नाही. ती अल्लाहपुढे ठेवली आणि मुलाने ते ऐकले. सब्र असा ऐकून आणि पाहून शिकला जातो.

सौम्यतेने मुले बिघडतात काय?

काही पालक विचारतील की, इतकी सौम्यता दाखवली तर शिस्त कशी राहील? याचे उत्तर सूरह लुकमानमध्ये आहे. माननीय लुकमान पुत्राला नमाज, सब्र, नम्र चाल आणि हळू आवाज यांविषयी स्पष्ट आज्ञा देतात, परंतु प्रेमळ संबोधनाने. मर्यादा ठाम असावी, आवाज ठाम असण्याची गरज नाही. जो पिता ओरडून “ओरडू नकोस” सांगतो, त्याच्याकडून मूल ओरडणेच शिकते.

म्हणून सुरुवात स्वतःपासून करावी. राग आला तर उभ्याने बसावे, तरीही शांत न झाल्यास आडवे व्हावे, ही प्रेषितांची शिकवण प्रथम अब्बा-अम्मींनी मुलांसमोर आचरावी. आपली चूक झाली तर मुलाची माफी मागावी. त्याने अधिकार कमी होत नाही. घरातला अबोला तीन दिवसांपलीकडे जाऊ देऊ नये. मुसलमानाने आपल्या भावाशी तितकाही अबोला धरू नये, तर पोटच्या मुलाशी कसा धरावा? जागा अपुरी असेल तर निदान वेळ द्यावा: इशानंतर मोबाइल बाजूला ठेवून पंधरा मिनिटे केवळ ऐकावे, उपदेश करू नये.

मुलाची झोप-भूक उडाली, ते सतत एकटे राहू लागले किंवा जगण्याचा कंटाळा बोलून दाखवू लागले, तर डॉक्टरांकडे जाण्यात कमीपणा मानू नये. इ.स. 934 मध्ये निधन पावलेले विद्वान अबू झैद अल-बल्खी यांनी शरीराच्या आरोग्याबरोबर मनाच्या आरोग्यावरही ग्रंथात लिहिले; राग, भीती, दुःख आणि वसवसे यांवरील उपाय त्यात आहेत. दुआ आणि उपचार यांत विरोध नाही. सरकारच्या टेलि-मानस सेवेचा 14416 हा क्रमांक रात्रंदिवस विनामूल्य उपलब्ध आहे. तेथे मराठीतही बोलता येते.

जे मूल एकदा “जाणार नाही” म्हणाले होते, त्याच अनस (रजि.) यांच्याकडून पुढे दोन हजारांहून अधिक हदीस उम्मतपर्यंत पोहोचल्या. आपल्या घरातील रागावलेले मूल उद्या काय होईल, हे अल्लाहच जाणतो. अल्लाह आपल्याला आपला राग गिळण्याची आणि मुलांचे मन ऐकण्याची सद्बुद्धी देवो. आमीन.