उद्या कुणासाठी उठायचं?

बीदरच्या किल्ल्याकडे आजी-आजोबा फिरायला निघालेत. डोक्याला कानटोपी, हातात काठी. चाला, मीठ कमी करा, वेळेवर झोपा. सल्ले खरेच आहेत. पण उद्या कुणासाठी उठायचं?

याच बीदर जिल्ह्यातल्या भालकीच्या हिरेमठाचे स्वामी चन्नबसव पट्टद्देवरू १८८९ साली जन्मले, १९९९ साली गेले. निजामाच्या राजवटीत बाहेर उर्दू पाटी लावून त्यांनी आत मुलांना कन्नड शिकवलं. उद्या कुणासाठी उठायचं, हा प्रश्न त्यांना पडलाच नसेल. मुलं वाट पाहत असायची.

एवढं आयुष्य मिळणं आपल्या हातात नाही. शेजारच्या पोराचे पाढे घेणं मात्र नक्की हातात आहे. आजोबा, आज संध्याकाळी त्याला ओट्यावर बोलवा. जाताना सांगा, बाळा, उद्याही ये.