खाड्याचा आजार

ऊसतोडीच्या टोळीत माणसं मोजत नाहीत, कोयते मोजतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. हंगामाआधी मुकादम या कोयत्याला उचल देतो आणि पुढचे पाच-सहा महिने ऊस तोडून ती फेडायची असते. दोघांपैकी एक जण एक दिवस फडात आला नाही, तर खाडा पडतो आणि खाड्याचा दंड उचलीवर चढतो. मग अंगात ताप असो, पाळी असो, की सातवा महिना असो.

२०१९ साली बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांची राज्य सरकारच्या समितीने पाहणी केली. ८२,३०९ बायकांपैकी १३,८६१ जणींची गर्भाशयाची पिशवी काढलेली निघाली. त्यावर आपण काय म्हणालो? कुणी म्हणालं, डॉक्टर लुटारू. कुणी म्हणालं, बायका अडाणी. नफ्यासाठी सुरी चालवणारे होतेच, आणि नीट माहिती न देता भीती घातली गेली हेही खरं. पण अनेकींनी एक हिशेबही केला होता. अंगावरून जाण्याचा, पोटदुखीचा त्रास दर महिन्याला, त्याचे दिवस इतके, तितके खाडे. हा हिशेब आजाराच्या कारणांत धरायचा की नाही, हा वाद मात्र दोनशे वर्षांचा आहे.

आजार म्हणजे प्रारब्ध, असं जग फार काळ मानत आलं. मग शिकलेल्यांनी प्रारब्धाच्या जागी हवा आणली. १८२०च्या दशकात पॅरिसमध्ये समज होता, की नदीकाठची दमट हवा, सखल जमीन आणि दाटीची वस्ती यांनी माणसं मरतात. लुई-रने विलेर्मे या डॉक्टरने शहराच्या प्रत्येक विभागातले मृत्यू मांडले आणि एकेक कारण त्यांच्याशी जुळवून पाहिलं. नदी जुळेना, उंची जुळेना, वारा जुळेना. जुळलं ते घरभाडं. जिथे भाडं इतकं कमी, की त्यावर करही लागत नसे, अशी घरं जास्त असलेल्या विभागात मरणंही जास्त.

१८४२मध्ये एडविन चॅडविकने इंग्लंडचा अहवाल लिहिला. लिव्हरपूलमध्ये मृत्यूचं सरासरी वय सुखवस्तूंमध्ये ३५, व्यापारी-कारागिरांत २२ आणि मजुरांत १५ वर्षं. मजुरांची लेकरं पाळण्यातच जात, म्हणून आकडा इतका खाली. पण चॅडविकने अर्थ उलटा लावला: घाणीमुळे रोग येतो आणि रोगामुळे गरिबी. म्हणून गटारं बांधा, पाणी आणा. या उपायांनी असंख्य जीव वाचले, हे मान्यच करायला हवं. मजुरीचा प्रश्न मात्र गटाराच्या झाकणाखाली गेला.

झाकण उचललं रुडॉल्फ विरचो या सव्वीस वर्षांच्या डॉक्टरने. १८४८मध्ये प्रशियाच्या सरकारने त्याला अप्पर सायलेशियात टायफसची साथ पाहायला पाठवलं. तिथले पोलिश भाषक शेतकरी उपाशी होते. परत येऊन त्याने औषधांची यादी दिली नाही. लोकांना त्यांच्या भाषेत शिक्षण द्या, कारभारात हात द्या, कराचा बोजा गरिबांवरून काढून श्रीमंतांवर टाका, रस्ते करा, शेती सुधारा, असं लिहिलं. पुढच्याच वर्षी बर्लिनमधली त्याची नोकरी गेली.

आपल्याकडे हा धागा डॉक्टरने नव्हे, जोतीराव फुल्यांनी धरला. १८८२मध्ये शिक्षणाची चौकशी करणाऱ्या हंटर आयोगापुढे त्यांनी सरळ हिशेब मांडला: सरकारी महसुलाचा मोठा भाग रयतेच्या घामातून येतो आणि शिक्षणाचा खर्च वरच्या वर्गांवर होतो. बारा वर्षांपर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, ही त्यांची मागणी होती. पुढच्या वर्षीच्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये विद्या गेल्यापासून वित्त जाईपर्यंतची साखळी त्यांनी कडी-कडीने दाखवली. तोवर दैन्याची कारणं सुटी-सुटी सांगितली जात होती. फुल्यांनी ती एका दोरीत ओवली आणि दोरीचं टोक अविद्येशी बांधलं. १९१७ साली कोल्हापुरात शाहू महाराजांनी प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं, तेव्हा ते त्या टोकालाच हात घालत होते.

याच दरम्यान मुंबईत चॅडविकचा विचार पुन्हा चालून आला. १८९६च्या सप्टेंबरात मांडवीत प्लेग निघाला. गटारांत कार्बोलिक ओतलं गेलं, झडत्या झाल्या, गरिबांच्या सवयींना दोष दिला गेला. १८९८मध्ये इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट आला. त्याने रुंद रस्ते काढले, जुन्या चाळी पाडल्या, आणि उठवलेली माणसं बाजूच्या चाळींत आणखी दाटीने राहू लागली. प्लेग धान्याच्या वखारींतल्या उंदरांच्या पिसवांमधून पसरत होता, हे कळायला वेळ लागला. त्या वखारींना लागून माणूस हौसेने राहत नव्हता, हे कळायला त्याहून जास्त. पुण्यात याच प्लेगच्या रोग्यांची सेवा करताना जोतीरावांच्या पत्नी सावित्रीबाई १० मार्च १८९७ रोजी गेल्या.

विसाव्या शतकात लशी आल्या, प्रतिजैविकं आली आणि वाटलं, आता औषध सगळ्यांना फुकट दिलं की झालं. ब्रिटनने १९४८पासून ते केलं. तीस वर्षांनी सर डग्लस ब्लॅक यांच्या समितीने पाहिलं, तर वर्गावर्गातली मृत्यूंची दरी बुजलेली नव्हती. १९८०मध्ये सरकारने तो अहवाल सुट्टीच्या दिवसांत, अवघ्या २६० प्रती काढून, गुपचूप बाहेर सोडला.

त्याच सुमारास मायकेल मार्मट आणि सहकारी लंडनमधल्या सरकारी नोकरांचा अभ्यास करत होते. यात उपाशी कुणी नव्हतं, बेघर कुणी नव्हतं. तरी शिपाई-दरवानांमध्ये हृदयविकाराने होणारे मृत्यू बड्या अधिकाऱ्यांच्या सुमारे तिप्पट होते, आणि मधल्या प्रत्येक पायरीवर फरक दिसत होता. विडी-सिगारेट, रक्तदाब, वजन हे सगळं धरूनही फरक पुरता सुटेना. पुढच्या अभ्यासांत एक गोष्ट ठळक झाली: आपल्या कामावर आणि आपल्या दिवसावर आपला किती ताबा आहे.

पायऱ्या आपल्याकडेही आहेत. २०१९–२१च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत सर्वांत गरीब पाचव्या हिश्श्यातली ४६ टक्के मुलं वयाच्या मानाने खुजी आढळली, सर्वांत श्रीमंत हिश्श्यातली २३ टक्के. ज्या घरात मूल वाढत नाही, त्या घरातून शाळेत जाणाऱ्या मुलाकडून आपण गुणवत्तेची अपेक्षा करतो.

मजुरीकडे आजाराचं कारण म्हणून पाहण्याचं धाडस महाराष्ट्रात एका डॉक्टरने केलेलं आहे. गडचिरोलीला जाण्याआधी अभय बंगांनी रोजगार हमीवरच्या किमान मजुरीचा सरकारी हिशेब तपासला. कष्टाचं काम करणाऱ्या शरीराला लागणारे उष्मांकच त्यात कमी धरले होते. चूक उघडी पडली आणि चार रुपयांची मजुरी बारा रुपयांवर गेली. तितक्या लोकांना तितकं अन्न पोचवणारं औषध कुठल्या दवाखान्यात मिळालं असतं?

आता पुन्हा फडाकडे येऊ. त्या बाईला दंडाशिवाय एक दिवस आडवं होता येत नाही. आपल्या दिवसावरचा जो ताबा लंडनच्या दरवानाकडे थोडासा कमी होता, तो तिच्याकडे अजिबात नाही. तिच्याबरोबर पाचटाच्या खोपीत राहणाऱ्या मुलाची शाळा अर्धं वर्ष सुटते. फडाजवळ हंगामापुरती साखरशाळा निघाली तर निघाली. मोठं झाल्यावर त्याच्या हातात काय येईल, हे सांगायला ज्योतिषी लागत नाही.

म्हणून आरोग्य शिबिरं घ्या, लोहाच्या गोळ्या वाटा, पण ते अर्धं काम आहे. खाड्याचा दंड बंद करणं, आजारपणाच्या आणि बाळंतपणाच्या दिवसांची मजुरी देणं, कोयत्याऐवजी बाईच्या नावावर तिची मजुरी लिहिणं, हीसुद्धा आरोग्य योजना आहे. ती कामगार खात्याची फाइल आहे असं सांगून आरोग्य खात्याला तिच्यातून हात काढून घेता येणार नाही.