सुलोचनेचा पक्ष

३ मार्च १९३४ रोजी बंगळूरच्या सिटी मार्केटजवळच्या पॅरामाउंट थिएटरात पहिला कन्नड बोलपट ‘सती सुलोचना’ लागला. त्यासाठी पैसा घातला होता चमनलाल डुंगाजी या मारवाडी व्यापाऱ्याने. दिग्दर्शक वाय. व्ही. राव, इंद्रजित सुब्बय्या नायडू, सुलोचना त्रिपुरांबा, रावण आर. नागेंद्र राव. चित्रीकरण मात्र आपल्या कोल्हापुरात, छत्रपती सिनेटोनमध्ये झाले. ही नावे कन्नड सिनेमाच्या इतिहासात वारंवार येतात. संवाद आणि गाणी लिहिणारे बेळ्ळावे नरहरी शास्त्री हे नाटककार मात्र बाहेर फारसे कोणाला ठाऊक नाहीत.

शास्त्रींच्या हाती आलेले कथानक साधे नव्हते.

रावणाचा मुलगा इंद्रजित याची ही पत्नी सुलोचना वाल्मीकींच्या रामायणात नाही. तिला मोठे केले ते नंतरच्या कवींनी आणि कथेकऱ्यांनी. मराठी घरांत ती श्रीधरांच्या ‘रामविजया’तून आली. ती शेषाची कन्या आणि लक्ष्मण शेषाचाच अवतार, म्हणजे जावयाला मारणारा सासराच. इंद्रजिताचा तुटलेला हात तिच्या अंगणात येऊन पडतो आणि घडलेले लिहून दाखवतो. मग ती पतीचे शिर मागायला थेट रामाच्या छावणीत जाते. वानरांचा विश्वास बसत नाही, तेव्हा ते शिर हसते.

चमत्कार बाजूला ठेवला, तरी प्रश्न उरतोच. लंकेचा पक्ष अधर्माचा, मग त्या पक्षातल्या स्त्रीची निष्ठा धर्म कशी? निकुंभिलेच्या यज्ञाचे वर्म लक्ष्मणाला सांगितले ते बिभीषणाने, म्हणजे इंद्रजिताच्या सख्ख्या चुलत्याने. कुळ सोडणारा तो पूज्य आणि कुळाशी चिकटून राहिलेली ही सूनही पूज्य. परंपरेने दोघांना एकाच कथेत बसवले आणि निवाडा केला नाही. ही पळवाट नव्हे. पक्ष चुकला म्हणून त्यातल्या प्रत्येकाचे आचरण खोटे ठरत नाही, एवढे तरी रामकथा मान्य करते. म्हणूनच शत्रूच्या सुनेपुढे राम आदराने वागतो.

अडचण आहे ती चितेची: ते शिर घेऊन सुलोचना शेवटी सती जाते. गव्हर्नर-जनरल बेंटिंकने बंगाल प्रांतात सतीबंदीचा कायदा केला १८२९ साली. बोलपट आला तेव्हा त्याला शंभरावर वर्षे झाली होती, तरी नायिका ‘सती’ म्हणूनच पडद्यावर आली. कंपनी नाटकांवर पोसलेल्या प्रेक्षकाला त्यात वावगे वाटण्याचे कारण नव्हते. आज मात्र ते तसेच गिळता येत नाही, आणि गिळूही नये. सुलोचनेचे थोरपण तिच्या जळण्यात शोधणारे तिच्यावर अन्यायच करतात. सासऱ्याच्या दरबारात रडत न बसता ती एकटी शत्रूच्या तळावर जाते, आपले मागणे मांडते आणि मिळवते. कथेचा कणा तिथे आहे. चिता ही त्या काळाने तिला जोडलेली अखेर.

‘सती सुलोचना’ची प्रत आज उपलब्ध नाही. पोथी मात्र आहे. पुढच्या खेपेस ‘रामविजय’ वाचायला घ्याल, तेव्हा सुलोचनेच्या अध्यायात चितेपाशी न थांबता तिच्या रामासमोरच्या बोलण्यापाशी जरा थांबा.